‘रक्तप्रवाहाचा अभाव’ की रक्तपुरवठ्याची तूट? ‘इस्केमिया’ या शब्दाचा अर्थ आणि वापर

दुर्वांकुर

नमस्कार मंडळी,

रुग्णालयातून घरी जाताना रुग्णाच्या हाती जी माहितीपत्रके दिली जातात, त्यांचे मराठी भाषांतर मी गेली काही वर्षे करत आहे. सध्या हृदयरोगावरील एक पुस्तिका माझ्याकडे आली असून तिच्या पहिल्याच पानावर ‘इस्केमिया’ हा शब्द सात वेळा आला आहे. आधीच्या भाषांतरकाराने त्याला सरसकट ‘रक्तप्रवाहाचा अभाव’ असा प्रतिशब्द योजला होता. त्यामुळे एक वाक्य असे तयार झाले : ‘आपल्या हृदयाच्या स्नायूत रक्तप्रवाहाचा अभाव आढळला आहे.’ हे वाक्य मी शेजारच्या आजींना वाचून दाखवले. त्या क्षणभर थांबल्या आणि म्हणाल्या, “अगं, मग तो माणूस जिवंत कसा?”

या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हते. शब्दकोश उघडला, तर एकात ‘रक्ताल्पता’ मिळाले, दुसऱ्यात ‘अरक्तता’, आणि ‘रक्ताल्पता’ हाच शब्द ॲनिमियासाठीही वापरलेला दिसला. शिवाय माझ्याकडील जुन्या अहवालांमध्ये ‘अव्हॅस्क्युलर’, ‘इन्फार्क्ट’ आणि डॉप्लर तपासणीतील (ध्वनिलहरींनी रक्तप्रवाह पाहण्याच्या तपासणीतील) ‘ॲबसेंट फ्लो’ या तिन्ही ठिकाणी मराठीत तोच ‘रक्तप्रवाहाचा अभाव’ बसवलेला आहे. या चारही शब्दांचा अर्थ खरोखर एकच आहे का, आणि नसेल तर रुग्णाला घाबरवून न सोडणारे पण खोटेही नसणारे मराठी कोणते, हे जाणकारांनी सांगावे.

जुना_स्टेथोस्कोप

दुर्वांकुरताई, आजींचा प्रश्न अगदी बिनचूक आहे. मी पस्तीस वर्षे फिजिशियन म्हणून काम केले आणि या एका शब्दामुळे झालेले गैरसमज निस्तरण्यात त्यातला बराच वेळ गेला, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

इस्केमिया या शब्दाच्या मुळाशी ग्रीक भाषेतील ‘अडवून धरणे’ या अर्थाचे क्रियापद आणि ‘रक्त’ या अर्थाचे नाम आहे. म्हणजे शब्दाचा धात्वर्थ ‘रक्त नसणे’ असा नसून ‘रक्त रोखले जाणे’ असा आहे. प्राचीन ग्रीकमध्ये या मुळापासून बनलेला शब्द रक्तस्राव थांबवणाऱ्या औषधासाठी वापरला जात असे. जखमेतून वाहणारे रक्त जे रोखते ते, असा त्याचा चांगला अर्थ होता. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास रुडॉल्फ विर्खो या जर्मन विकृतिशास्त्रज्ञाने तो आजच्या अर्थाने रूढ केला. ‘थ्रॉम्बोसिस’ आणि ‘एम्बॉलिझम’ या संज्ञाही त्याच्याच. त्यापूर्वी या स्थितीला ‘स्थानिक ॲनिमिया’ असे म्हणण्याची पद्धत होती, आणि आपण आजही ज्या गोंधळात सापडतो त्याचे मूळ तिथे आहे. गंमत अशी की शब्दशः पाहिले तर ‘रक्त नसणे’ हा अर्थ ॲनिमिया या शब्दाचा आहे, इस्केमियाचा नाही.

आता आजचा अर्थ. एखाद्या अवयवाला किंवा ऊतीला त्या क्षणी जितके रक्त लागते, तितके न पोचणे म्हणजे इस्केमिया. या व्याख्येत ‘त्या क्षणी लागते तितके’ हे शब्द सर्वांत महत्त्वाचे आहेत. ज्या माणसाची हृदयधमनी अरुंद झाली आहे, तो खुर्चीत बसलेला असताना त्याच्या हृदयाला पुरेसे रक्त मिळत असते. तोच माणूस जिना चढू लागला की हृदयाची गरज वाढते, अरुंद वाहिनीतून जादा रक्त येऊ शकत नाही आणि छातीत दडपल्यासारखे होते. तो थांबला की काही मिनिटांत बरे वाटते. प्रवाह तर सर्व वेळ चालूच होता, उलट जिना चढताना तो बसलेला असतानापेक्षा थोडा अधिकही झाला असेल, तरीही तो इस्केमियाच होता. ट्रेडमिलवर चालवून ईसीजी काढण्यामागचे कारण हेच आहे. बसलेल्या माणसाच्या ईसीजीत जी तूट दिसत नाही, ती त्याला चालवल्यावर उघडी पडते.

इन्फार्क्शन ही त्यापुढची पायरी. तूट इतकी मोठी आणि इतका वेळ राहिली की ऊती मरून गेली, तर त्या मेलेल्या भागाला इन्फार्क्ट म्हणतात. रायमर आणि जेनिंग्ज यांनी १९७७ साली कुत्र्यांवरील प्रयोगांतून दाखवले, की हृदयधमनी पूर्ण बांधली तरी स्नायू एकदम मरत नाही. मृत्यू आतल्या थरापासून सुरू होतो आणि काही तासांत लाटेसारखा बाहेरच्या थराकडे सरकत जातो. झटका आलेल्या रुग्णाला लवकर आणा, असा घोष आम्ही लावतो तो त्या सरकत्या लाटेला मध्येच गाठण्यासाठी. तेव्हा इस्केमिया ही घडत असलेली गोष्ट आहे आणि इन्फार्क्ट ही घडून गेलेली. दोन्हींना ‘अभाव’ म्हटले की ज्याचे हृदय अजून वाचवता येण्यासारखे आहे आणि ज्याचा एक भाग कायमचा गेला आहे, ते दोन रुग्ण कागदावर एकसारखे दिसू लागतात.

घरी करून पाहण्यासारखे एक उदाहरण देतो. लहानपणी आपण सर्वांनी बोटाला दोरा घट्ट गुंडाळून पाहिला आहे. बोटाचे टोक पांढरे पडते, गार होते, मुंग्या येतात. दोरा सोडला की ते लालबुंद होते. दोरा असताना इस्केमिया होता. बोट मेले नाही, म्हणून इन्फार्क्शन झाले नाही.

पाटकरी

डॉक्टरसाहेबांनी ‘स्थानिक ॲनिमिया’चा उल्लेख केला, म्हणून आमच्या घरची हकीकत सांगतो. काही वर्षांपूर्वी माझ्या मेहुण्यांच्या ईसीजीच्या कागदावर ‘इस्केमिक चेंजेस’ असे लिहून आले. तपासणी शिबिरात घाई होती. तिथल्या मुलाने एवढेच सांगितले, की “हृदयाला रक्त कमी पडतंय.” झाले. बहिणीने ‘रक्त कमी’ इतकेच ऐकले आणि दुसऱ्या दिवसापासून बीट, खजूर, डाळिंब आणि लोहाच्या गोळ्या सुरू झाल्या. मेहुणे दोन महिने मोठ्या समाधानाने बिटाचा रस पीत होते आणि शेतावर जाताना बांधावर थांबून छाती चोळत होते. शेवटी भाचा सुट्टीवर आला, त्याने कागद पाहिला आणि त्यांना हृदयरोगतज्ज्ञाकडे नेले. अँजिओग्राफीत एका वाहिनीत मोठा अडथळा निघाला.

मी पाटबंधारे खात्यात नोकरी केली, बहुतेक काळ मुळा उजव्या कालव्यावर. त्यामुळे मला हा विषय पाण्यावरून कळला. धरणात पाणी भरपूर आहे, आवर्तनही सुटले आहे, परंतु एका चारीत गाळ आणि गवत माजल्यामुळे खालच्या चार शेतकऱ्यांचे पीक सुकते आहे. ही झाली हृदयातली गत. याच्या उलट, धरणातच पाणी कमी असले तर सगळ्याच चाऱ्या कोरड्या राहतात. ती झाली अंगात रक्त कमी असण्याची गत. पहिल्या दुखण्यावर धरणात जादा पाणी आणून उपयोग नाही, चारी उपसावी लागते. मेहुण्यांची चारी पुढे स्टेंट घालून उपसली गेली. ते आता बरे आहेत, बीट मात्र त्यांच्या ताटातून कायमचे गेले.

माझे मत विचाराल तर ‘अभाव’ हा शब्द आमच्या खात्यातही कोणी वापरत नसे. आम्ही ‘टंचाई’ किंवा ‘तूट’ म्हणायचो, आणि तूट म्हटली की पुढचा प्रश्न आपोआप यायचा : किती, आणि कुठल्या चारीला?

जुना_स्टेथोस्कोप

पाटकरी, उदाहरण उत्तम आहे, त्यात एकच भर घालतो. ॲनिमियात रक्ताचे आकारमान बहुधा कमी झालेले नसते, त्यातील हिमोग्लोबिन कमी झालेले असते. म्हणजे धरण भरलेले आहे, परंतु पाण्यात कस नाही. आणि ही दोन दुखणी एकमेकांना भेटतातही. वाहिनी अरुंद असलेल्या माणसाचे हिमोग्लोबिन मूळव्याधीच्या रक्तस्रावाने खाली आले, तर जो जिना तो कालपर्यंत विनात्रास चढत होता, त्याच जिन्यावर त्याच्या छातीत दुखू लागते. तिथे हिमोग्लोबिन वाढवणे हादेखील इस्केमियावरचा उपचार ठरतो. तुमच्या भगिनींचा तर्क अगदीच टाकाऊ नव्हता, फक्त तो मेहुण्यांना लागू नव्हता.

शब्दवेल्हाळ

परिभाषेच्या बाजूने थोडे लिहितो.

मराठीत या विषयावरील शब्द नाहीत असे नाही. वाईहून निघालेल्या मराठी विश्वकोशात थ्रॉम्बोसिससाठी ‘अंतर्क्लथन’, एम्बॉलिझमसाठी ‘अंतर्कीलन’, गँग्रीनसाठी ‘कोथ’ आणि इन्फार्क्शनसाठी ‘अभिकोथ’ असे नेटके शब्द आहेत. ‘अंतर्कीलन’ या शब्दावर माझे विशेष प्रेम आहे : दुसरीकडून वाहत आलेली गुठळी वाहिनीत खिळ्यासारखी, कीलासारखी, जाऊन बसते, हे चित्र त्या एका शब्दात उभे राहते. तरीही हे शब्द रुग्णालयाच्या पायऱ्या चढू शकले नाहीत, हे मान्य करावे लागते. ‘तुम्हाला अभिकोथ झाला आहे’ असे सांगितले, तर ऐकणारा ‘म्हणजे काय’ असे विचारेल आणि सांगणाऱ्याला ‘अहो, अटॅक’ असेच म्हणावे लागेल.

‘अभिकोथ’ची तुलना मूळ शब्दाशी केली तर आपला शब्द सरस ठरतो. इन्फार्क्शनचे लॅटिन मूळ ‘ठासून भरणे’ या अर्थाचे आहे, कारण काही अवयवांत मेलेल्या भागात रक्त झिरपून तो भाग तुंबल्यासारखा दिसतो. म्हणजे रक्त न मिळाल्याने मेलेल्या भागाला युरोपीय भाषांत ‘ठासून भरलेला’ असे नाव आहे. आपल्या शब्दात निदान कुजण्याचा, मरण्याचा अर्थ तरी आहे.

आयुर्वेदात याला काही प्रतिशब्द आहे का, असे कोणी तरी विचारणारच, म्हणून आधीच सांगतो. चरकसंहितेच्या विमानस्थानात स्रोतसांच्या, म्हणजे शरीरातील वहनमार्गांच्या, बिघाडाचे चार प्रकार सांगितले आहेत : अतिप्रवृत्ती, संग, सिराग्रंथी आणि विमार्गगमन. यातील ‘संग’ म्हणजे वाहणारी गोष्ट अडून राहणे, आणि ग्रीक शब्दाचा ‘अडवून धरणे’ हा अर्थ त्याच्याशी चांगला जुळतो. परंतु स्रोतस म्हणजे रक्तवाहिनी नव्हे. ती संकल्पना कितीतरी व्यापक आहे. म्हणून ‘इस्केमिया म्हणजे स्रोतोरोध’ असे समीकरण मांडले, तर दोन्ही शास्त्रांवर अन्याय होईल. शब्दासाठी स्फूर्ती घ्यावी, अर्थासाठी नाही.

‘अरक्तता’ हा हिंदीच्या वाटेने आलेला शब्द मात्र मी टाळेन. ‘अ’ हा उपसर्ग लागला की मराठी कान ‘मुळीच नाही’ असेच ऐकतो.

हिरवी_चिंच

हा धागा वाचून गेल्या वर्षीची एक रात्र आठवली. माझ्या धाकट्या बहिणीच्या सातव्या महिन्यातील डॉप्लर अहवालावर नाळेच्या धमनीसमोर ‘ॲबसेंट एंड डायस्टोलिक फ्लो’ असे लिहिलेले होते. अहवाल संध्याकाळी मोबाइलवर आला आणि डॉक्टरांची भेट दुसऱ्या दिवशी सकाळी होती. मधले दोन शब्द आम्हाला कळले नाहीत. ‘ॲबसेंट’ आणि ‘फ्लो’ मात्र कळले. बाळाला रक्तच जात नाही, असा अर्थ घेऊन आई रात्रभर देवासमोर बसून होती, आणि बहीण दर दहा मिनिटांनी पोटावर हात ठेवून बाळ हलते आहे का ते पाहत होती. सकाळी डॉक्टर म्हणाल्या, की परिस्थिती काळजीची नक्की आहे, दाखल करून लक्ष ठेवावे लागेल, परंतु तुम्ही समजलात तसे नाही. पुढे बाळ लवकर काढावे लागले, काही आठवडे नवजात कक्षात राहिले आणि आता रांगते आहे. त्या शब्दांचा नेमका अर्थ मला अजूनही कोणी नीट सांगितलेला नाही.

सावलीवाचक

मी रेडिओलॉजिस्ट आहे, म्हणजे असे अहवाल लिहिणाऱ्यांपैकीच एक. तुमच्या आईंच्या त्या रात्रीची जबाबदारी आमच्या पेशाकडे थोडी तरी येते, म्हणून नीट सांगण्याचा प्रयत्न करतो.

हृदय आकुंचन पावते तेव्हा रक्ताचा जोर वाढतो, प्रसरण पावते तेव्हा तो उतरतो. नाळेत दोन धमन्या असतात आणि त्या बाळाकडून वारेकडे रक्त नेतात. वार निरोगी असेल तर तिच्यातील वाहिन्यांचा विरोध इतका कमी असतो, की बाळाचे हृदय प्रसरण पावत असतानाही रक्त पुढे वाहतच राहते. वारेतील बारीक वाहिन्या खराब झाल्या की विरोध वाढतो आणि प्रत्येक ठोक्याच्या अगदी शेवटच्या टप्प्यात प्रवाह क्षणभर थांबतो. ‘एंड डायस्टोलिक’ म्हणजे तो शेवटचा टप्पा. प्रत्येक ठोक्याला रक्त जात असते, फक्त दोन ठोक्यांच्या मधली धार तुटलेली असते. त्याच्याही पुढे जाऊन त्या क्षणी रक्त उलटे फिरू लागले, तर ती अधिक गंभीर अवस्था मानली जाते. तेव्हा तुमच्या डॉक्टर म्हणाल्या ते योग्य होते : धोक्याची सूचना होती, आणि ती सूचना वेळेत मिळाली म्हणून बाळ वेळेत काढता आले.

हेच शब्द दुसऱ्या जागी अगदी निरुपद्रवी असू शकतात. गरोदरपणाच्या पहिल्या तीन महिन्यांत नाळेच्या धमनीत ही शेवटची धार नसणे स्वाभाविक आहे. स्वस्थ झोपलेल्या निरोगी माणसाच्या मांडीच्या धमनीतही ठोक्याच्या उत्तरार्धात प्रवाह क्षणभर उलटतो आणि जवळजवळ थांबतो. तिथे त्याला कोणी आजार म्हणत नाही. त्यामुळे ‘ॲबसेंट’ या शब्दाला एकट्याला काही अर्थ नाही. कोणत्या वाहिनीत, ठोक्याच्या कोणत्या भागात, कितव्या आठवड्यात, हे कळले की मगच त्याला अर्थ येतो.

आणखी एक गोष्ट. डॉप्लर यंत्राला अतिशय मंद प्रवाह दिसत नाही. यंत्राची मांडणी वेगवान प्रवाहासाठी लावलेली असेल, तर सावकाश वाहणारे रक्त पडद्यावर शून्य दिसते. म्हणून मी स्वतः ‘प्रवाह नाही’ असे न लिहिता, मांडणी बदलून खात्री केल्यानंतर ‘प्रवाह आढळला नाही’ असे लिहितो. मराठीत या दोन वाक्यांतील अंतर इंग्रजीपेक्षाही स्पष्ट ऐकू येते, आणि भाषांतरात ते पुसले जाऊ नये.

याला अपवादही आहे. पौगंडावस्थेतील मुलाच्या अंडकोषात अचानक तीव्र वेदना सुरू झाल्या आणि डॉप्लरमध्ये त्या बाजूला प्रवाह आढळला नाही, तर शब्दांचा कीस काढत बसायचे नसते. अंडकोषाला पीळ पडलेला असतो आणि साधारण सहा तासांच्या आत तो सोडवला तर अंडकोष वाचण्याची शक्यता चांगली असते. मुले लाजेने सांगत नाहीत आणि घरचे सकाळपर्यंत थांबतात. या धाग्यावर आई-वडील असतील, म्हणून विषय किंचित सोडून हे लिहिले.

खुब्याचा_धनी

माझ्या एमआरआयच्या अहवालात ‘अव्हॅस्क्युलर नेक्रोसिस’ आहे. २०२१ साली कोविडमध्ये मला स्टेरॉइड द्यावे लागले होते, आणि काही महिन्यांनी जांघेत दुखू लागले. त्या काळात मुंबईतील अस्थिरोगतज्ज्ञांनी असे रुग्ण पाहिल्याच्या बातम्याही आल्या होत्या. साधा एक्स-रे स्वच्छ होता, एमआरआयमध्ये मात्र दुखणे पकडले गेले. गावाकडे याला ‘खुब्याचा गोळा सुकला’ असे म्हणतात. माझ्या अहवालाचे मराठी कोणी तरी ‘रक्तवाहिन्या नसल्यामुळे मृत हाड’ असे करून दिले होते. माझ्या हाडात जन्मतःच रक्तवाहिन्या नव्हत्या की काय, असे मला वाटले.

जुना_स्टेथोस्कोप

खुब्याचे धनी, वाहिन्या होत्या, त्यांतून येणारे रक्त थांबले. ‘अव्हॅस्क्युलर’ हा शब्द दोन अर्थांनी वापरला जातो आणि सगळा घोटाळा तिथेच होतो.

एक अर्थ स्वभावतःच रक्तवाहिन्या नसलेला असा. डोळ्याचे बुबुळ झाकणारा पारदर्शक पडदा (पारपटल), डोळ्यातील भिंग आणि सांध्यातील कूर्चा हे भाग असे आहेत. पारपटलात वाहिन्या असत्या तर आपल्याला सदैव लाल जाळीतून पाहावे लागले असते. तो पडदा प्राणवायू थेट हवेतून आणि अश्रूंतून घेतो. दुसऱ्याचे पारपटल बसवले तरी शरीर ते सहसा लगेच नाकारत नाही, याचे एक मोठे कारण हेच आहे. म्हणूनच एडवर्ड झिर्म यांना १९०५ साली मोरावियातील ओलोमोउत्स येथे पारपटलाचे यशस्वी रोपण करता आले. इतर अवयवांच्या रोपणाला त्यानंतर जवळपास अर्धे शतक वाट पाहावी लागली. तिथे ‘रक्तवाहिनीरहित’ हा शब्द दोष सांगत नाही, गुण सांगतो.

दुसरा अर्थ रक्तपुरवठ्याला मुकलेला असा, आणि तुमच्या अहवालात तो आहे. मांडीच्या हाडाच्या गोळ्याला रक्त पोचवणाऱ्या वाहिन्या मोजक्या आणि लांबून वळसा घालून येणाऱ्या असतात, त्यामुळे हा भाग आधीच पाटाच्या टेलला असतो. अनेक अस्थिरोगतज्ज्ञ आता ‘ऑस्टिओनेक्रोसिस’, म्हणजे नुसता ‘अस्थिमृत्यू’, हे नाव अधिक पसंत करतात. आणि ‘गोळा सुकला’ ही तुमच्या गावची भाषा मला या सर्वांपेक्षा बरी वाटते. सुकण्यात पाणी थांबल्याचा अर्थ आपोआप येतो.

सेवाव्रती

मी अवयव प्रत्यारोपण विभागात परिचारिका आहे. आमच्याकडे हा शब्द आजारासाठी नाही, घड्याळासाठी वापरतात. दात्याच्या शरीरातून अवयव काढून थंड द्रावणात ठेवल्यापासून तो नव्या शरीरात जोडेपर्यंतच्या काळाला ‘कोल्ड इस्केमिया टाइम’ म्हणतात. या काळात अवयवात रक्तप्रवाह खरोखरच शून्य असतो, म्हणजे ‘अभाव’ हा शब्द शोभेल अशी जागा हीच. तरीही अवयव जिवंत असतो, कारण थंडीमुळे त्याची गरजच कमी केलेली असते. हृदयासाठी हा काळ साधारण चार तासांचा धरतात, मूत्रपिंडाला एक दिवसही चालतो. ऑगस्ट २०१५ मध्ये पुण्यातील दात्याचे हृदय मुंबईला नेण्यात आले. त्यानंतर आपल्याकडे ‘ग्रीन कॉरिडॉर’ हा शब्द घराघरात पोचला, आणि रस्ते मोकळे ठेवण्याची ती सारी धावपळ या घड्याळाशी असते. डॉक्टरांनी वर सांगितलेल्या व्याख्येतील ‘गरज’ हा शब्द आम्ही रोज बर्फाच्या पेटीत पाहतो.

चौकटीबाहेर

इतके बारकावे सामान्य रुग्णाला कशाला हवेत? ‘हार्टला ब्लॉक आहे’ इतके सांगितले की तो समजतो आणि सही करतो. पुस्तिका कोण वाचतो?

जुना_स्टेथोस्कोप

सही करतो, हे खरे. समजतो, याची मला खात्री नाही. ‘ब्लॉक’ हा शब्दही आपण दोन वेगळ्या दुखण्यांसाठी वापरतो : वाहिनीतील अडथळा आणि हृदयाच्या विद्युतसंदेशातील अडथळा. पेसमेकर बसवायला आलेला रुग्ण ‘माझी अँजिओप्लास्टी कधी’ असे विचारतो, हे मी अनेकदा ऐकले आहे.

आणि मेंदूच्या बाबतीत तर हा बारकावा जीव वाचवतो. मेंदूच्या दर १०० ग्रॅमला मिनिटाला सुमारे ५० मिलिलिटर रक्त मिळते. ते २०च्या खाली गेले की त्या भागाचे काम थांबते, हात लुळा पडतो, बोलणे अडखळते. परंतु पेशी अजून मेलेल्या नसतात. ते १०च्या खाली गेले की त्या मरू लागतात. या दोन आकड्यांमधल्या पट्ट्याला ‘पेनम्ब्रा’ असे नाव ग्रहणाच्या परिभाषेतून मिळाले. आपल्या पंचांगवाल्यांना हा शब्द नवा नाही : मध्ये गडद छाया आणि भोवती उपच्छाया. छायेतील पेशी गेल्या, उपच्छायेतील पेशी वाट पाहत आहेत. गुठळी विरघळवण्याचे इंजेक्शन साधारण साडेचार तासांच्या आत द्यावे लागते, ते या उपच्छायेसाठी. तोंड वाकडे झालेल्या माणसाच्या घरच्यांनी ‘रक्तप्रवाह बंद झाला, आता काय उरले’ असे समजून देवर्षी गाठला, तर ती उपच्छाया तासागणिक छायेत जाते.

शब्दवेल्हाळ

‘उपच्छाया’ हा शब्द मेंदूच्या पुस्तिकेत जसाच्या तसा घ्यावा, अशी माझी जोरदार सूचना आहे. छायाकल्प चंद्रग्रहण पाहिलेल्या कोणालाही तो समजावून सांगावा लागणार नाही.

दुर्वांकुर

सर्वांचे मनापासून आभार. एका प्रतिशब्दाच्या शोधात आले होते, आता चार वेगळ्या जागा घेऊन निघाले आहे. तूर्त असे ठरवते आहे : ‘इस्केमिया’ हा शब्द देवनागरीत तसाच ठेवायचा, कारण रुग्णाच्या कागदावर तो तसाच येणार आहे, पहिल्या उल्लेखाला त्याचा अर्थ ‘रक्तपुरवठ्याची तूट’ असा द्यायचा. इन्फार्क्टला ‘रक्त न मिळाल्याने मेलेला भाग’. अव्हॅस्क्युलर नेक्रोसिसला ‘रक्तपुरवठा थांबल्याने हाडाचा भाग मरणे’, आणि शेजारी ‘गोळा सुकणे’ हेही. डॉप्लरमध्ये ‘प्रवाह आढळला नाही’ असे लिहून त्यापुढे जागा आणि ठोक्याचा टप्पा सांगायचा. पहिल्या पानावरचे वाक्य आता असे केले आहे : ‘आपल्या हृदयाच्या स्नायूला श्रमाच्या वेळी पुरेसे रक्त मिळत नाही, कारण त्याला रक्त पोचवणारी एक वाहिनी बंद झाली आहे. या स्थितीला इस्केमिया म्हणतात.’

सावलीवाचक

वाक्याचा पहिला अर्धा भाग उत्तम आहे. दुसऱ्या भागातील ‘बंद झाली आहे’ काढून ‘अरुंद झाली आहे’ असे करावे. फक्त श्रमाच्या वेळी त्रास होणाऱ्या बहुतेक रुग्णांत वाहिनी पूर्ण बंद झालेली नसते. नाही तर आजी पुन्हा तोच प्रश्न विचारतील.

दुर्वांकुर

दुरुस्ती केली. आजींना आज संध्याकाळी पुन्हा वाचून दाखवते.